तीन पाळ्यांची खोली

मुंबईतल्या बीडीडी चाळीतली खोली जेमतेम १६० चौरस फुटांची. अशा एका खोलीत एकाच गावचे पंधरा-वीस बाप्ये राहत. मावत कसे? पाळीपाळीने. पहिल्या पाळीवाला सकाळी सातला गिरणीत साच्यावर उभा राहिला की रात्रभर जागून आलेला तिसऱ्या पाळीवाला त्याच्या जागी वळकटी पसरी. दुपारी साडेतीनला पहिली पाळी सुटे आणि दुसरी भरे. ती रात्री बाराला सुटली की तिसरी आत जाई. मालकाला यंत्र रिकामे ठेवणे परवडत नव्हते, तसे कामगाराला चार हात जमीन रिकामी ठेवणे परवडत नव्हते. भिंतीला हारीने ट्रंका, वर ताणलेल्या दोरीवर प्रत्येकाचे दोन जोड कपडे, कोपऱ्यात मोरी. उन्हाळ्यात निम्मी माणसे व्हरांड्यात, गच्चीवर, नाहीतर फुटपाथवर झोपत. खरी पंचाईत व्हायची पावसाळ्यातल्या रविवारी. त्या दिवशी तिन्ही पाळ्या घरी असत.

विरारच्या पूर्वेला, वसई तालुक्यात चांदीप नावाचे गाव आहे. इथे कधी कापडगिरणी नव्हती, भोंगा वाजला नाही. तरीही मुंबईतल्या गिरणगावाची गोष्ट सांगायला ही जागा मला सोयीची वाटते. एका अंगाला विरार. तिथून लोकलचा रूळ धरला की सरळ तेव्हाचे एल्फिन्स्टन रोड आणि लोअर परळ, म्हणजे गिरण्यांच्या दारात. दुसऱ्या अंगाला, तालुक्याची शीव ओलांडली की भिवंडी, यंत्रमागांची. गिरणगाव फुटले तेव्हा त्याची माणसे एका बाजूला सांडली आणि त्याचे काम दुसऱ्या बाजूला गेले. आपण मध्ये उभे आहोत.

मुंबईतली पहिली कापडगिरणी कावसजी दावर यांनी १८५४ मध्ये ताडदेवला उभी करायला घेतली. तिथपासून सुरुवात केली तर लेख संपणार नाही. मला सांगायचे आहे ते दुसऱ्या महायुद्धानंतरच्या पस्तीस-छत्तीस वर्षांबद्दल, कारण गिरणी कामगार म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे जो माणूस येतो, म्हणजे हातात डबा, खिशात पास, महिन्याला पगार, गावी मनीऑर्डर, तो याच काळात घडला.

युद्धाच्या काळात गिरण्यांना रात्र कमी पडत होती. सैन्याला कापड हवे होते आणि मालकांना नफा मोजायला वेळ नव्हता. कामगाराच्या हातात महागाई भत्ता पडू लागला, पण त्याच सुमारास दुकानातला तांदूळ नाहीसा झाला. मे १९४३ पासून मुंबईत धान्याचे रेशनिंग सुरू झाले आणि भातावर वाढलेल्या कोकणी माणसाच्या ताटात काय पडणार, हे रेशनचे दुकान ठरवू लागले. युद्ध संपले तेव्हा महागाई तशीच होती. फेब्रुवारी १९४६ मध्ये नौदलातल्या खलाशांनी बंड केले, तर गिरण्या बंद पाडून कामगार त्यांच्या बाजूने रस्त्यावर आले. परळमध्ये झालेल्या गोळीबारात कार्यकर्त्या कमल दोंदे मारल्या गेल्या.

मग कायद्यांची रांग लागली. आठवड्याचे कामाचे तास १९४६ मध्ये ५४ वरून ४८ वर आले. औद्योगिक न्यायालयाने १९४७ मध्ये गिरणी कामगाराचे किमान मूळ वेतन २६ दिवसांना ३० रुपये ठरवले. वर महागाई भत्ता, आणि तो मूळ पगारापेक्षा मोठा. फॅक्टरी कायदा १९४८ चा, कर्मचारी राज्य विमा कायदाही १९४८ चाच. त्याच वर्षी जुलैत ब्रिटनमध्ये राष्ट्रीय आरोग्य सेवा सुरू झाली. लढाईतून बाहेर पडलेले जग कामगाराला काहीतरी देणे लागते, ही त्या दिवसांतली हवाच होती, आणि ती मुंबईतही पोहोचली होती. मात्र ब्रिटनमध्ये दवाखाना त्याच वर्षी उघडला. आमच्याकडे विम्याचे कार्ड मुंबईच्या कामगाराच्या हाती यायला १९५४ उजाडले. भविष्य निर्वाह निधी १९५२ मध्ये आला. बेकारभत्ता त्या काळात आलाच नाही.

हे शेवटचे वाक्य लक्षात ठेवावे. पुढचे सगळे त्यावर उभे आहे.

गिरणीत माणसांच्या दोन जाती होत्या: परमनंट आणि बदली. परमनंटचे नाव हजेरीपटावर, त्याचा तिकीट नंबर पक्का. बदलीवाला पाळी भरायच्या आधी दारात जाऊन उभा राही. आज कोणी खाडा केला असेल तर त्याच्या जागी उभे राहायचे, नसेल तर घरी परतायचे, दिवस बुडाला. वर्षानुवर्षे बदलीत काढलेली माणसे होती. त्यांची सुगी दुसऱ्यांच्या सणावर अवलंबून. शिमग्याला, मे महिन्यात आणि गणपतीला परमनंट कामगार गावी जात, तेव्हा बदलीवाल्याला महिनाभर सलग काम मिळे. म्हणजे स्वतःच्या गावच्या होळीला तो कधी पोहोचतच नसे. कायद्याने जे दिले, ते पहिल्यांदा परमनंटला दिले. म्हणून बापाच्या जागी मुलगा लावून घेण्यासाठी एवढी धडपड चाले. ती नोकरी शेतासारखी वारसाने पुढे जावी, असे घरात सगळ्यांनाच वाटे.

आत काम कसे होते? कापसाचा गठ्ठा ब्लो रूममध्ये फुटे, तिथून कार्डिंग, फ्रेम, रिंग असा पातळ होत होत सुताचा धागा बने. मग वाइंडिंग, वार्पिंग, खळ चढवायला सायझिंग आणि शेवटी साळखाते. साळखात्यातल्या सगळ्या मागांचा आवाज एवढा की दोन हातांवरचा माणूस बोललेला ऐकू येत नसे. साचेवाले हातवाऱ्यांनी आणि ओठांवरून बोलत, आणि अनेकांना म्हातारपणी घरातही मोठ्याने बोलायची सवय राही. धागा तुटू नये म्हणून हवा दमट ठेवत आणि खिडक्या बंद. कापसाची तुसे नाकातोंडात जात. रविवारची सुट्टी घेऊन सोमवारी कामावर गेलेल्या माणसाची छाती आवळून येई; बिसिनोसिस हे त्या रोगाचे नाव डॉक्टरांना माहीत होते, कामगाराला फक्त सोमवार माहीत होता. यंत्रांवर ओल्डहॅमच्या प्लॅट ब्रदर्ससारखी विलायती नावे ओतलेली. खुद्द लँकेशायरमध्ये १९५९ च्या कायद्याने सरकार पैसे देऊन जुनी यंत्रे मोडीत काढत होते. आमच्याकडे तीच यंत्रे ओव्हरटाइम करत होती.

साळखात्याचा पगार बरा, म्हणून तिथे कोणी जावे हे जातीने ठरलेले होते. धोट्यात नवी कांडी घातली की साचेवाला धोट्याच्या भोकाला तोंड लावून धागा ओढून घेई. एकाच धोट्याला अनेकांची तोंडे लागत. या उष्ट्याचे कारण सांगून दलित कामगारांना साळखात्यात येऊ देत नसत; त्यांच्या वाट्याला कमी पगाराचे रिंग खाते. डॉ. आंबेडकरांनी १९२८ च्या मोठ्या संपाच्या वेळी हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांपुढे रोखठोक मांडला होता. एकाच मोर्चात चालणारी, एकाच खानावळीच्या रांगेतली माणसे पाण्याच्या मडक्यापाशी वेगळी होत. ही रीत स्वातंत्र्यानंतर कायद्याने गेली, वागण्यातून फार सावकाश गेली. गिरणगावावर लिहिताना आपल्याकडे लेखक लगेच ढोल-ताशे वाजवू लागतात, एकजुटीचे चित्र रंगवतात. एकजूट होती, खोटी नव्हती. पण तिला हा पापुद्रा होता आणि तो खरवडल्याशिवाय चित्र पुरे होत नाही.

बायकांचेही तेच. वाइंडिंग आणि रीलिंग ही त्यांची खाती. मुंबई इलाख्यात १९२९ पासून बाळंतपणाच्या पगाराचा कायदा होता, पुढे गिरण्यांत पाळणाघरेही आली. कागदावर बाईचे सगळे ठीक होत गेले आणि प्रत्यक्षात ती गिरणीतून कमी कमी होत गेली. रात्रपाळीला तिला बंदी, नव्या यंत्रांनी तिचीच खाती आधी गिळली, आणि तिच्या जागी ठेवलेला पुरुष तिन्ही पाळ्यांना चाले. तिच्या भल्यासाठी केलेल्या कायद्याने ती महाग झाली, असे मालक म्हणत. मग ती गेली कुठे? बरीचशी गेली ती चुलीपाशी, खानावळीत.

खानावळ म्हणजे पाटी लावलेले दुकान नव्हे. तीच चाळीची खोली. नवरा आजारी, बदलीवर, दारूत किंवा गेलेला. मग ती बाई पाच-दहा मेंबर धरी. जेवणाऱ्याला मेंबरच म्हणत. दोन वेळचे जेवण, महिन्याचा ठरलेला आकार, रविवारी मासळी नाहीतर मटण. पहिल्या पाळीच्या डब्यासाठी ती पहाटे चारला स्टोव्ह पेटवी. साडेतीनला पहिली पाळी जेवायला येई, त्याआधी दुसऱ्या पाळीला वाढून झालेले असे, आणि रात्री बारानंतर सुटलेल्यांचे ताट झाकून ठेवून ती एक डोळा उघडा ठेवून पडे. गिरणीतल्या माणसाला एक पाळी होती. तिला तिन्ही.

हिशेब वहीत. मेंबरांचा पगार महिन्यातून एकदा, म्हणून जेवण महिनाभर उधार. किराणा तिनेही उधार आणलेला, आणि वाण्याला द्यायला पैसे कमी पडले की सावकार. व्याज जबर. म्हणजे मेंबर जेवतो तो तिच्या उधारीवर, आणि ती जगते ती सावकाराच्या. गिरणीने पगार उशिरा दिला, मेंबर न सांगता गावी गेला, संप झाला, तर बुडणार ती. गिरणीधंद्याला लागणारे खेळते भांडवल मोजताना अर्थशास्त्री बँकांची कर्जे मोजतात. लालबाग-परळमधल्या या वह्या त्यात कोणी धरल्या नाहीत.

दुसरी अशीच बाई गावाला होती. ती शेत बघे, सासू-सासरे बघे, पोरे वाढवी, आणि मनीऑर्डरची वाट पाही. कामगार वयात येईपर्यंत त्याला गावाने पोसलेला, आजारी पडला की गावाने सांभाळायचा, थकला की गावानेच घ्यायचा. गिरणीला फक्त मधली कामाची वर्षे विकत मिळत. म्हणून पगार एका माणसापुरता ठेवून चालत होते. मघाशी म्हटले ना, बेकारभत्ता आला नाही. मुंबईच्या गिरणी कामगाराचा बेकारभत्ता रत्नागिरी, सातारा, कोल्हापूरच्या चार गुंठ्यांत पिकत होता. अण्णा भाऊ साठेंनी संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यासाठी लिहिलेल्या छक्कडीत विरहासाठी गावाकडच्या मैनेचीच निवड केली, यात नवल नाही. ऐकणाऱ्या प्रत्येकाची एक मैना गावाला होती.

संप तर या आयुष्याचा भागच होते. मुंबई औद्योगिक संबंध कायदा १९४६ चा; त्यानुसार सगळ्या कापडधंद्यात मालकांशी बोलायचा अधिकार एकाच मान्यताप्राप्त संघटनेला. ती मान्यता राष्ट्रीय मिल मजदूर संघाकडे गेली आणि त्याच्याकडेच राहिली. कामगाराचे मन कुठे आहे, हे मतपेटीत विचारायची सोय नव्हती. त्यामुळे मन रस्त्यावर दिसे. समाजवाद्यांच्या मिल मजदूर सभेने ऑगस्ट १९५० मध्ये बोनससाठी पुकारलेला संप दोन महिने चालला. पुढे संयुक्त महाराष्ट्रासाठी याच वस्तीने गोळ्या झेलल्या, आणि महाराष्ट्र राज्य अवतरले तेही १ मे रोजी, कामगार दिनी. जून १९७० मध्ये परळचे कम्युनिस्ट आमदार कृष्णा देसाई यांचा खून झाला आणि लाल बावट्याचा बालेकिल्ला हलला. या राजकारणावर पुष्कळ लिहिले गेले आहे; मी पुन्हा खानावळीकडे वळतो, कारण १९७४ च्या संपात तिथे वेगळेच काहीतरी घडले.

हा संप ४२ दिवस चालला. पगार नाही, तरी मेंबर जेवत होते. बायकांनी दागिने गहाण टाकले, सावकाराकडून आणखी काढले, आणि ताट बंद केले नाही. कामगार चळवळीत आयुष्य घातलेल्या, मूळच्या गोव्याच्या प्रेमा पुरव हे पाहत होत्या. संप कामगारांनी केला असे सगळे म्हणतात, पण त्यांना जेवू कोण घालते आहे, हा पुरव यांचा साधा प्रश्न. त्यांनी १९७५ मध्ये या बायकांना एकत्र करून अन्नपूर्णा महिला मंडळ उभे केले. बँकांचे राष्ट्रीयीकरण १९६९ मध्ये झालेले. गरिबांना कर्ज द्यायचे असे सरकार म्हणत होते. पुरव बाईंनी ते बोलणे शब्दशः घेतले आणि खानावळवाल्यांना बँकेच्या दारात नेले. तारण काही नाही, एकमेकींचा जामीन. सावकाराच्या वहीतून नाव खोडून बँकेच्या वहीत लिहिले गेले. युद्धानंतरच्या साऱ्या कामगार कायद्यांतून जे या बायकांना मिळाले नव्हते, ते त्यांनी स्वतः मिळवले. माझ्या मते गिरणगावाच्या इतिहासातला हा सर्वांत मोठा विजय आहे, आणि त्यात एकही गिरणी बंद पडली नाही.

१९७४ च्या संपानंतर आठ वर्षांनी मात्र सगळेच बंद पडले. बोनसच्या वादातून १९८१ च्या दिवाळीत ठिणगी पडली, मान्यताप्राप्त संघटनेला कंटाळलेले कामगार कामगार नेते डॉ. दत्ता सामंत यांच्या घाटकोपरच्या दारात जाऊन उभे राहिले, आणि १८ जानेवारी १९८२ पासून जवळपास अडीच लाख कामगारांचा संप सुरू झाला. तो मागे घेतल्याची घोषणा कधीही झाली नाही. कामगार गावी गेले, कारण बेकारभत्ता तिथेच होता. पण ४२ दिवस पुरणारी भाकरी दीड वर्ष पुरत नाही. पहिल्यांदा गाव थकले, मग खानावळ. सरकारने ऑक्टोबर १९८३ मध्ये तेरा गिरण्या ताब्यात घेतल्या तोवर लाखभर माणसांची परतीची वाट बंद झाली होती.

कापड मात्र कमी पडले नाही. संप चालू असताना गिरण्या आपला माल भिवंडीच्या यंत्रमागांवर विणून घेत होत्या. कारखाने इतके लहान, विखुरलेले, की कायदा तिथे पोहोचत नसे. पाळी बारा तासांची, हजेरीपट नाही, विमा नाही, फंड नाही. परळपासून भिवंडी फार लांब नाही. पण त्या वाटेत १९४६ पासून मिळवलेले सगळे गळून पडले. कित्येक माग तर गिरण्यांनीच विकलेले जुने माग होते. यंत्र तेच, विणकराच्या खिशातले कार्ड तेवढे गेले.

आणि माणसे या बाजूला आली. विरारपर्यंत विजेची गाडी १९३६ पासून होती. चाळीतली खोली विकून येणाऱ्या पैशात नालासोपारा-विरारला एखादी जागा होत असे, म्हणून संपानंतर आणि पुढे गिरण्या एकामागून एक बंद झाल्यावर कितीतरी कुटुंबे इकडे सरकली. चाळीत नळावर भांडलेले शेजारी इथे वेगवेगळ्या इमारतींत गेले. मुले वसई पूर्वेच्या औद्योगिक गाळ्यांत लागली, कोणी सिक्युरिटीत, कोणी कुरिअरमध्ये. बापाने बदलीत काढली तशी वर्षे मुलाने कंत्राटात काढली. फरक एवढाच की बापाला कधीतरी परमनंट होण्याची आशा होती. गणेशोत्सव, कबड्डीचे संघ, गावकीची मंडळे तेवढी बरोबर आली. आजही विरारच्या कितीतरी घरांत दरवर्षी एक दिवस लालबागचा असतो.

गिरण्यांच्या जमिनींवर मॉल आणि मनोरे उभे राहिले. त्यांतला काही वाटा कामगारांच्या घरांसाठी ठेवला गेला. जून २०१२ मध्ये म्हाडाने ६,९२५ घरांची पहिली सोडत काढली. अर्ज दीड लाखाच्या आसपास होते. पात्रतेची अट अशी, की १ जानेवारी १९८२ रोजी किंवा त्यानंतर गिरणीच्या पटावर नाव असले पाहिजे. म्हणून इकडच्या घरांतून माळ्यावरच्या ट्रंका खाली आल्या: तिकीट नंबर, विम्याचे कार्ड, पगाराची चिठ्ठी, जे काही सापडेल ते. खानावळवालीचे नाव कुठल्याच पटावर नव्हते, त्यामुळे तिने ट्रंक उघडूनही उपयोग नव्हता.

पण काही ट्रंकांत तिची वही अजून असेल. मेंबरांची नावे, पाळी, ताटांचा हिशेब, कोण किती देणे लागतो, कोण न देता गावी गेला. गिरण्यांची दफ्तरे बरीचशी गेली. विरारला, नालासोपाऱ्याला किंवा इथे चांदीपच्या आसपास कोणाच्या घरी आजीची अशी वही निघाली, तर ती रद्दीवाल्याच्या काट्यावर चढवू नका. घरातल्या वडीलधाऱ्यांना शेजारी बसवून एकेक नाव विचारून घ्या, आणि ते कुठल्या पाळीला जेवायचे तेही लिहून ठेवा.